पाकातला मे महिना

यंदाही गावाहून आंब्याची पेटी आली आणि कुडाळच्या माझ्या दोन खोल्यांच्या घरात पलंगाखाली जाऊन बसली. दोन दिवस काही नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी डोळे उघडायच्या आधी नाकाला कळलं. मग जमिनीवर पालथं पडून, गवतात हात घालून, कुठला पिकला ते बोटांनी चाचपत बसायचं. आत्ताही तशीच पडले होते, आणि आंब्याच्या वासाबरोबर बाबा आठवले. खांद्यावर पंचा, कपाळावर घाम, हातात कलथा, आणि पातेल्यातल्या पाकाकडे असे बघतायत की जणू बोटीच्या तळाला भोक पडलंय.

बाबा अठ्ठावीस वर्षं मालवाहू बोटीवर होते. कुक होते. घर आमचं तोंडवलीला, समुद्रापासून हाकेच्या अंतरावर. पण ते घरात असायचे तीन महिने आणि पाण्यावर नऊ. कंपनीचं बोलावणं कसं कोण जाणे, बहुतेक वेळा शिमगा आटोपला की यायचं. झाडावर कैऱ्या धरायला लागल्या की बाबा बॅग भरायला लागायचे. अठ्ठावीस वर्षांत एकदाच ते मे महिन्यात घरी होते, आणि त्या वर्षी त्यांना कावीळ झाली होती. महिनाभर पेज आणि उकडलेली भाजी. पलंगाखाली आंबे पिकत होते आणि पलंगावर बाबा पिवळे होत होते.

समुद्रावर आंबा त्यांना टिनातूनच भेटायचा. रविवारी जेवणानंतर बोटीवर गोड असायचं: पाकातली फळं, थंडगार, काचेच्या वाटीत. त्या पदार्थाचं वर्णन मी लहानपणापासून फोनवर ऐकलंय. "गो बाय, काय तां दिसता! पिवळा, पांढरा, तांबडा. कॅप्टन सोता येऊन माझी पाठ थोपटता." मी शाळेत मैत्रिणींना सांगायचे की माझे बाबा बोटीवर असा पदार्थ करतात की कॅप्टन पाठ थोपटतो. मैत्रिणी विचारायच्या, तू खाल्लायस? मी म्हणायचे, तो फक्त समुद्रावर होतो.

पाच-सहा वर्षांपूर्वी बाबा कायमचे घरी आले. पडवीत खुर्ची टाकून समुद्राकडे बघत बसायला लागले. आई म्हणायची, "तितकी वर्सां तांच बघलात ना? अजून कंटाळो येवक नाय?" बाबा म्हणायचे, "थयसून बघणां येगळा, हयसून बघणां येगळा." खरं कारण असं की घरात त्यांना बसायला दुसरी जागा नव्हती. स्वयंपाकघर आईचं होतं. अठ्ठावीस वर्षं एकटीने चालवलेलं. बाबा एकदा कढीत मीठ बघायला म्हणून आत गेले, तर आईने त्यांच्याकडे नुसतं पाहिलं. ते तसेच मागल्या दाराने बाहेर पडून, घराला वळसा घालून, परत खुर्चीवर.

आणि मग ते आल्यानंतरच्या पहिल्याच एप्रिलच्या शेवटी आई विहिरीच्या ओल्या पायरीवरून घसरली. उजवं मनगट मोडलं. सहा आठवडे प्लास्टर. मी रजा टाकून धावत गेले, तर बाबा दारातच उभे. चेहऱ्यावर काळजी होती, मी खोटं सांगणार नाही. पण काळजीच्या खाली आणखी काहीतरी होतं. "तू कित्याक इलंस गो?" ते म्हणाले. "मीया आसंय मां." आणि त्यांनी खांद्यावर पंचा टाकला.

पहिल्या दिवशी डाळ झाली ती तीस माणसांची. बाबांचा हातच तेवढ्याला बसलेला. आम्ही तिघं. ती डाळ आम्ही खाल्ली, शेजारच्या सुमनवहिनींनी खाल्ली, त्यांच्या कुत्र्याने खाल्ली, आणि तिसऱ्या दिवशी बाबांनी तिच्या वड्या केल्या. कांदा मात्र असा चिरायचे की बघत राहावं. सुरी पाटावरून नुसती पळायची. आई स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी खुर्ची टाकून बसलेली. प्लास्टरचा हात मांडीवर, डोळे बाबांच्या हातावर.

"डब्यांका ही कागदां कित्याक चिकटवल्यात?"

"नावां. मीठ, साखर, रवो. कळाक नको?"

"माका तीस वर्सां कळता."

"माका खंय कळता?"

आईने वाद सोडून दिला. माझ्या आठवणीत तिने तो असा सोडल्याची ती पहिलीच वेळ.

त्या घरात त्या दिवसांत काय काय वास होते! सकाळी फोडणी, दुपारी वाळत घातलेल्या आमसुलांचा आंबट वास, माळ्यावरच्या आंब्यांचा, आणि या सगळ्यांवर आईच्या खांद्याला लावायच्या मलमाचा. बाबांना आंबा किती खाऊ नि किती नको असं झालेलं. नाश्त्याला आंबा, जेवणात आंबा, चहाबरोबर आंबा. कोयी चोखून चोखून पांढऱ्या करायचे आणि पडवीच्या कठड्यावर ओळीने वाळत ठेवायचे. आई म्हणायची, "मोजतात काय ओ?" ते म्हणायचे, "मागची बाकी आसा."

मग खारेपाटणहून आक्का मावशीचा फोन आला. रविवारी येते, हात बघायला.

आक्का मावशी आईची थोरली बहीण. तिच्या यजमानांचं खारेपाटणच्या बाजारात कापडाचं दुकान. आईचं लग्न ठरलं तेव्हा मावशी भर मांडवात म्हणाली होती, "बोटीर खंयचो कुक? भांडी घासणारो असतलो." ते वाक्य बाबांच्या कानावर गेलं आणि कानातच राहिलं. पुढे दर शिमग्याला मावशी भेटली की हसत विचारायची, "भावोजी, तुमी बोटीर नेमका काय करतात म्हणालात?" बाबाही हसत सांगायचे, "कुक." पण त्या रात्री त्यांना जेवण जात नसे.

फोन ठेवला तेव्हा बाबा आमटी ढवळत होते. त्यांनी गॅस बंद केला. "रविवारी," ते म्हणाले, "मीया तां करतलंय. बोटीवरचा. पाकातली फळां."

आईने माझ्याकडे पाहिलं. मी आईकडे.

शुक्रवारी बाबांनी आंबे निवडले, दोडामार्गाहून आलेले तीन अननस बाजारातून आणले, चार शहाळी फोडून त्यांची कोवळी मलई काढली. सगळं परातीत मांडलं. इतकं सुंदर दिसत होतं की तसंच खावंसं वाटलं. मग त्यांनी साखरेचा डबा काढला, त्याच्यावरचं 'साखर' वाचलं, आणि तसेच उभे राहिले. बराच वेळ. आई तेवढ्यापुरती अंगणात गेली होती. बाबा माझ्याजवळ आले आणि कानात म्हणाले, "गो बाय, पाक कसो करतत?"

मला वाटलं गंमत करतायत.

"बोटीर कसो करी होतात?"

"बोटीर टिन येय," बाबा म्हणाले. "फळां पाकासकट. टिन फोडूचो आणि वाटयेत ओतूचो."

"आणि कॅप्टन पाठ थोपटी होतो तां?"

"टिन फोडणां सोपा नसता," बाबा म्हणाले, आणि त्यांचा चेहरा इतका पडला की मला हसूही येईना.

मला स्वतःला पाक येत नव्हता. मी कुडाळला ऑफिसात असते, गोड विकत आणते. तरी आम्ही दोघांनी केला. बाबांना वाटलं घट्ट केलेला बरा, टिकेल. त्यांनी तो इतका आटवला की अननसाच्या फोडींवर ओतल्यावर दहा मिनिटांत सगळ्याची एक वीट झाली. त्यात कलथा उभा राहिला होता, तो निघेना. बाबांनी पातेलं कलथ्याने उचलून पाहिलं. उचललं गेलं.

दुसऱ्या खेपेला पाक पातळ केला, पण उकळता उकळताच आंब्यावर ओतला. आंबा बिचारा विरघळला. त्याचा ना रस झाला, ना फोडी राहिल्या. आई परत येऊन खुर्चीवर बसली होती. तिने वाकून पातेल्यात पाहिलं.

"ह्यां काय?"

"बोटीर पयल्या वाफेक असांच दिसता," बाबा म्हणाले.

आई मान मागे घेऊन परत टेकून बसली. शनिवारी सकाळी बाबा परत साखरेच्या डब्यासमोर उभे राहिले. तेवढ्यात आईने डाव्या हातात मोबाइल घेतला, कानाला लावला आणि मोठ्याने बोलायला लागली.

"हां, सुमन! काय गो? पाक? कसलो पाक? फळांचो होय! अगो सोपो. एक वाटी साखर, दोन वाटये पाणी. उकळी इली काय पाच मिनटां. तार-बीर कायेक काढूची नाय. बोटाक चिकटलो म्हणजे झालो. हां? अननस ना? तो उकळत्या पाकातच दोन मिनटां घाल, नायतर जीभ चरचरता. मगे उतरव. येलची, अर्ध्या लिंबाचो रस. आणि ऐक, पाक पूर्ण थंड होवक व्हयो. पूर्ण! हात लावन बघ. मगेच आंबो घाल. शहाळा अगदी शेवटाक."

बाबा कॅलेंडरच्या पाठकोऱ्या कागदावर भराभर लिहीत होते, आमच्याकडे पाठ करून. मी आईच्या जवळ उभी होते. मोबाइलच्या पडद्यावर अंधार होता.

तेवढ्यात मागचं दार ढकलून सुमनवहिनी आत आल्या. हातात वाटी. "कडीपत्तो आसा काय गो थोडो?"

बाबांचं पेन थांबलं. आईच्या चेहऱ्यावरची रेषही हलली नाही.

"बरा तर, ठेवतंय हां सुमन," ती मोबाइलमध्ये म्हणाली, "हयसर सुमन इली." आणि तिने फोन बंद केला.

सुमनवहिनी वाटी हातात धरून तिच्याकडे बघत राहिल्या. आई म्हणाली, "कडीपत्तो परसात आसा, तोडून घे." बाबांचं पेन परत चालू झालं. त्यांनी मागे वळून पाहिलं नाही. पण त्यांचे कान लाल झाले होते.

रविवारी पहाटे बाबांनी पाक केला. हात लावून थंड झाला का ते पाहिलं, परत पाहिलं, मग मलाही पाहायला लावलं. आंबा घातला, शहाळं घातलं. कडीचा मोठा स्टीलचा डबा भरला, अर्थात तीस माणसांचा, आणि फ्रिजमध्ये ठेवला. दहा वाजता वीज गेली. कुठेतरी तारेवर फांदी पडली होती, संध्याकाळपर्यंत येणार नव्हती.

"ईहीर," आई म्हणाली.

मे महिन्यातही आमच्या विहिरीचं पाणी हाताला झोंबतं. बाबांना ते पटलं. पण डबा पाण्यात उलटला तर पाक विहिरीत, आणि विहिरीचं पाणी आमच्या पोटात. म्हणून त्यांनी काथ्याची दोरी घेतली, झाकणावरून आडवी, कडीतून उभी, खालून वळसा, आणि वर एक गाठ मारली. "ही बोटीवरची गाठ. वादळात सुटूची नाय, आणि सोडूची म्हटली काय एका झटक्यात सुटता. बघ गो." त्यांनी मला झटका देऊन दाखवला. खरंच सुटली. परत बांधली आणि डबा सोडला.

आक्का मावशी बाराला आली. घामाघूम, हातात पिशवी. आईचा हात उलटसुलट बघितला, मग स्वयंपाकघरात डोकावली. डब्यांवरची नावं वाचली. जेवताना एकदाही काही बोलली नाही, पण आमटी दोनदा घेतली. आणि जेवण झाल्यावर टेकून बसत म्हणाली, "मगे भावोजी, बोटीवरचा काय खावक घालतात म्हणां?"

बाबांनी विहिरीतून डबा वर काढला. बाहेरून पाणी निथळत होतं. त्यांनी गाठीला झटका दिला. गाठ हलली नाही. दुसरा झटका. बोटीवर दोर नायलॉनचा असतो, आमचा काथ्याचा होता, तीन-चार तास पाण्यात फुगलेला. त्यातून बाबा कुक. गाठी मारायचे ते डेकवरचे खलाशी, बाबांनी त्या जेवण वाढता वाढता बघितलेल्या. त्यांनी दात लावले. मी केसातला आकडा घालून पाहिला. आई डाव्या हाताने ओढत होती. मावशी पडवीतून मान उंच करून बघत होती. डबा मधोमध, आम्ही तिघं भोवती.

"राहू दी," बाबा शेवटी म्हणाले आणि कोयता घेऊन आले.

दोरी तुटली. झाकण उघडलं आणि वेलची, आंबा आणि थंड पाण्याचा असा एक वास आला की आम्ही तिघं एकदम वाकलो. पिवळ्या फोडी, अननसाचे तुकडे, मधूनमधून शहाळ्याच्या मलईचे पांढरे काप, वर पाक पारदर्शक. काचेच्या वाट्या नव्हत्या, स्टीलच्या होत्या. बाबांनी एक एक वाटी भरली. मावशीच्या हातात पहिली दिली.

मावशीने चमचाभर खाल्लं. डोळे मिटले. परत खाल्लं. वाटी अर्धी झाली.

"बरा झाला हां," ती म्हणाली. "बोटीर असांच करी होतात?"

सगळं तयार होतं. बाबांनी फक्त 'होय' म्हणायचं होतं. तीस वर्षं त्यांनी वाट बघितली होती. मी त्यांच्याकडे बघत होते, आणि मला दिसलं की त्यांनी 'होय' म्हणायला तोंड उघडलं. मग त्यांनी आईकडे पाहिलं. ती डाव्या हाताने चमचा धरून एक फोड पकडायची खटपट करत होती, फोड पाकात निसटत होती.

"नाय आक्का," बाबा म्हणाले. "बोटीर टिन येय. तो फोडून ओती होतंय. आणि तुमी लग्नात म्हणालात तां खरां. पयली चार वर्सां मीया भांडीच घासलंय. मगे कांदे सोललंय. कुक झालंय तो धाव्या वर्साक. ह्यां आज जल्मात पयल्यांदा केलंय. तांय हिणा सांगल्यान म्हणान."

आईला ती फोड मिळाली. तिने ती तोंडात टाकली, चावली, गिळली.

"माका म्हायत होतां," ती म्हणाली.

"काय?"

"भांडयांचा. पयल्या सुट्टीक घराक इलात तेव्हाच. हातांची कातडी सुटलेली. पिठात हात घालणाऱ्याची तशी सुटत नाय."

"मगे बोललंस कित्याक नाय?"

"तुमी इतक्या हौशेन सांगी होतात," आई म्हणाली आणि वाटी पुढे केली. "माका आणखी घाला. शहाळा जास्त."

बाबांनी वाढलं. वाटी काठोकाठ भरली, पाक चटईवर सांडला, लगेच मुंग्या आल्या. मी मावशीकडे बघत होते. आता ती काय बोलेल याची मला धास्ती वाटत होती. तीस वर्षं जे ती विचारत होती त्याचं उत्तर तिच्या मांडीवर आणून ठेवलं होतं. मावशीने वाटी संपवली. चमचा चाटला. मग एकदम तिच्या डोळ्यांत पाणी, आणि ते रागाचं होतं.

"आमच्या ह्येंका," ती म्हणाली, "गॅसचो बटण खंयच्या बाजूक फिरता तां म्हायत नाय. चाळीस वर्सां! मागच्या वर्सा माका ताप इलो, तर चाय करूक म्हणान शेजारणीक हाक मारल्यांनी. आणि तुमी म्हणतात भांडी घासलंय. घासलात तर घासलात! घासणारो तरी गावलो हिका!"

आई हसायला लागली. प्लास्टरचा हात पोटाशी धरून हसत होती, कारण हसताना तो दुखत होता. मावशीही हसली, मग बाबा. जाताना मावशीने डबा मागून घेतला. "ह्येंका नेऊन दाखवतंय," म्हणाली. बाबांनी दहा माणसांचं भरून दिलं. एस्टीत ते सांडणार नाही याची काळजी म्हणून ते दोरी शोधायला लागले, तेव्हा आम्ही तिघींनी एकदम त्यांना थांबवलं.

बाबांनी स्वतः सगळ्यात शेवटी खाल्लं, मागच्या पायरीवर एकटे बसून. मी विचारलं, "कसो झालो?"

त्यांनी वाटीच्या तळाचा पाक पिऊन टाकला. "टिनापेक्षा बरो," म्हणाले.

जूनमध्ये प्लास्टर निघालं. आई घरी आली, थेट स्वयंपाकघरात गेली, डब्यांवरच्या चिठ्ठ्या एकेक करून काढल्या आणि गॅससमोर उभी राहिली. बाबा कुणी न सांगता पडवीतल्या खुर्चीवर जाऊन बसले. पंचा त्यांनी दोरीवर वाळत घातला. मला ते बघवेना. मी कुडाळला परत आले.

पुढच्या वर्षी एप्रिल संपता संपता आईचा फोन आला. हात परत दुखतोय. मी घाबरून तिला डॉक्टरकडे घेऊन गेले. डॉक्टरांनी फोटो काढला, उजेडासमोर धरला. हाड असं जुळलंय की कुठे मोडलं होतं ते शोधावं लागतंय, म्हणाले. आई बाहेर आली, रिक्षात बसली आणि मला म्हणाली, "ह्येंका सांगा नको हां."

तेव्हापासून दर वर्षी तो हात दुखतो. काजूच्या दिवसांत दुखत नाही, भातलावणीत दुखत नाही. आंबे माळ्यावर चढले की दुखायला लागतो, आणि पावसाळा आला की थांबतो.

आत्ताच फोन येऊन गेला. पलंगाखालून गवतातला हात काढून मी तो घेतला.

"हात दुखाक लागलो गो," आई म्हणाली. आवाजात हसू मावत नव्हतं. मागून भांड्यांचा खणखणाट ऐकू येत होता, आणि बाबा विचारत होते, साखर खंय ठेवलंस?